मधल्या अंशांना माणूस लागतो

टेकचंदभाऊ गेले तेव्हा त्यांची पाठ माझ्या छातीला टेकलेली होती. गाडी भंडारा ओलांडून मौद्याच्या अलीकडे होती, दुपारचे तीन वाजत आले होते आणि मी त्यांना सांगत होतो की नागपूर आलंच. नागपूर आलेलं नव्हतं. ते गेले हेही मला लगेच कळलं नाही… वजन थोडं वाढल्यासारखं वाटलं, एवढंच. त्याला आता सहा आठवडे झाले. लोक भेटतात, "शेवटी तुम्ही जवळ होतात, नशीब लागतं," म्हणतात. मी मान हलवतो. चौतीस वर्षं तहसील कचेरीत बाबूगिरी केलेल्या माणसाला मान हलवायची सवय असते. पण जवळ असून काही म्हणजे काहीच करता न येणं याला नशीब म्हणायचं असेल, तर ते दुसऱ्या कोणाला द्या.

आमची ओळख त्या कचेरीतलीच. टेकचंदभाऊ मूळचे केशोरी या दूरच्या आडगावचे. वीस वर्षं हवाई दलात इंजिन फिटर होते. शिकाऊ वैमानिक ज्या लहान विमानांवर शिकतात, त्यांची पिस्टन इंजिनं उघडायची, तपासायची, पुन्हा जोडायची, हे त्यांचं काम. ते सोडून आमगावात आले आणि कसल्याशा दाखल्यासाठी माझ्या टेबलापुढे उभे राहिले. मी रिवाजाप्रमाणे त्यांना सोमवारी यायला सांगितलं. सोमवारी आले तर मी पुन्हा पुढचा सोमवार सांगितला. माझ्या डोक्यावरचा पंखा वर्षभर खडखडत होता, त्याच्याकडे ते पाहत राहिले. मग स्टुलावर चढले, खिशातला स्क्रूड्रायव्हर काढला, दोन ठिकाणी पिळला, पंखा गप्प केला आणि खाली उतरून म्हणाले, "माह्या हातचं काम मी आजच करून देल्लो बाबूजी. आता तुमच्या हातचं तुम्ही पाहा." दाखला दहा मिनिटांत दिला. सरकारी काम आणि सहा महिने थांब, हा नियम माझ्या नोकरीत मी त्या दिवशी पहिल्यांदा मोडला.

पुढे त्यांनी रेल्वे फाटकापलीकडे शेड टाकून वर्कशॉप उघडलं, राहणंही तिथेच. धान कुटायच्या हलरची इंजिनं, पाणी उपसायची इंजिनं, कोणाचा पिस्टन अडकलेला, कोणाच्या रिंगा झिजलेल्या. स्क्रूड्रायव्हरचं टोक चालू इंजिनाला लावायचं, मूठ कानाला लावायची आणि डोळे मिटून ऐकायचं. मग डोळे उघडून मालकाला सुनवायचं, "मागच्या वर्षी तेल बदलवलं नाही तुनं. खोटं नोको बोलू." मालक खोटं बोलत नसे, कारण उपयोग नसे. त्यांचा स्वभाव तोंडावर बोलायचा. वहिनी, म्हणजे त्यांच्या पत्नी, म्हणायच्या की यांच्या जिभेला सायलेन्सर बसवायचा राहून गेला. एकुलती एक मुलगी लग्न होऊन रायपूरला गेली आणि शेडमध्ये हे दोघंच उरले. मी निवृत्त झाल्यावर तिसरा झालो.

आठेक वर्षांपूर्वी एका रविवारी त्यांनी मोबाइल माझ्या नाकासमोर धरला. "हे पाहा बाबूजी. परदेशी फौजेचं विमान होय. हेलिकॉप्टरसारखं जाग्यावरून उभं उठते, अन् मंग पंखे समोर झुकवून विमानासारखं जाते." खरंच, त्या विमानाच्या दोन पंखांच्या टोकांना दोन मोठी इंजिनं होती, ती आकाशाकडे तोंड करून उभी होती आणि वर गेल्यावर सावकाश पुढे झुकत होती. मी म्हटलं, छान आहे. ते म्हणाले, "छान कायले म्हणता? जखमी शिपाई उचलाले फौजेपाशी असं यंत्र आहे. धावपट्टी नाही लागत, शेताच्या धुऱ्यावर उतरते. केशोरीच्या माणसाले काऊन नाही?" त्यांची आई केशोरीहून दवाखान्यात नेताना वाटेतच गेली होती. ते सुट्टी घेऊन पोचले तोवर सगळं आटोपलं होतं. हे त्यांनी मला एकदाच सांगितलं होतं, आणि मी पुन्हा कधी विचारलं नाही.

तसं झुकणारं इंजिन आपणच करायचं, हे त्यांनी त्या दिवशी ठरवलं. त्या विमानाला पिस्टनचं नव्हे, टर्बाइन इंजिन असतं हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. मग तुम्ही पिस्टनच्या मागे का लागलात, असं विचारलं तर उत्तर तयार होतं. "आमगावात टर्बाइन भेटत नाही. पिस्टन भेटते." घोडं अडत होतं ते तेलापाशी. मला त्यांनी हे इतक्यांदा समजावलं आहे की गाढवापुढे वाचलेली गीताही अखेर गाढवाला पाठ झाली. साधं इंजिन उभं असतं तेव्हा तेल त्याच्या पोटात, तळाशी असतं. पिस्टनच्या दांड्याला खाली एक छोटी पळी असते. प्रत्येक फेऱ्यात ती तेलात बुडते आणि तेल चहूकडे उडवते. त्या उडालेल्या तेलावर इंजिन जगतं. आता ते झुकवलं की तेल एका कोपऱ्यात सरकतं, पळी रिकामीच फिरते आणि लोखंडावर लोखंड घासायला लागतं. म्हणजे उभं चालणारं इंजिन आडवं करायला गेलं की ते आतल्या आत गुदमरतं. त्यांना असं इंजिन करायचं होतं जे उभ्यानं सुरू होईल, चालता चालता आडवं होईल आणि पुन्हा उभं होईल. विमान कोण बांधणार, हे मी विचारायचो. "विमान बांधणारे लय आहेत. पहिले इंजिन त जगू द्या," म्हणायचे.

त्यासाठी त्यांनी शेडच्या मागच्या बाजूला एक सांगाडा उभा केला. थ्रेशरच्या जुन्या अॅक्सलवर केरोसीनवर चालणारं लहान पाण्याचं इंजिन बसवलेलं, बाजूला फिरवायचं हँडल, आणि पत्र्यावर रंगवलेला भलामोठा कोनमापक. इंजिन उभं म्हणजे नव्वद, जमिनीलगत आडवं म्हणजे शून्य. हँडलला जागच्या जागी अडकवून ठेवणारा खटका नव्हता. उभं असलं की इंजिन आपल्या वजनावर उभं राही, आडवं असलं की आडवं पडून राही, पण मधल्या अंशांना ते धरून ठेवायला माणूस लागे. तो माणूस मी. रविवारी अकराला जायचं, हँडल धरायचं. ते कानाला स्क्रूड्रायव्हर लावून बसायचे आणि बोटानं खुणावायचे… अजून पाच द्या, थांबा, अजून पाच. दंडाला कळ लागे. "खटका बसवा की हो एक," मी कुरकुरायचो. "पुढच्या रविवारी," ते म्हणायचे. नंतर वहिनींच्या हातचं जेवण. पण जेवायला उठण्याआधी इंजिन नव्वदावर नेऊन ठेवायचंच. "आडवं सोडाचं नाही बाबूजी, तेल सिलिंडरात उतरते." कितीही भूक लागली असली तरी.

पंचेचाळिसाच्या खाली आमचं इंजिन कधी गेलं नाही. जास्तीचा तेलाचा पंप लावला, दोन कोपऱ्यांना दोन टाक्या केल्या, कार्बुरेटर वेगळा टांगला. पंचेचाळिसापर्यंत ते गुणगुणत यायचं आणि मग आवाज कोरडा व्हायचा. एकदा मी उंटावरचा शहाणा होऊन विचारलं, "इंजिन उभंच ठेवून नुसता पंखाच झुकवला तर?" त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं की जणू मी फाइलवर उलटी सही केली होती. "मंधातल्या दांड्याचं, गिअरचं वजन कोण उचलीन? तुम्ही हँडल धरा." मी हँडल धरलं.

आता जे लिहायचं आहे ते लिहिताना हात जड होतो. यंदा पावसाळ्यानंतर मी जायचो तेव्हा ते बरेचदा शेडमधल्या आरामखुर्चीत झोपलेले दिसायचे. वहिनी म्हणाल्या, हल्ली रात्रीही खुर्चीतच झोपतात, खाटेवर जीव घाबरतो म्हणतात. मी हसलो. मी त्यांना म्हटलं, "काय टेकचंदभाऊ, स्वतःच पंचेचाळीस अंशांत झोपायला लागलात?" तेही हसले. आडवं केलं की इंजिन का गुदमरतं हे मी इतकी वर्षं रविवारी रविवारी ऐकत होतो, आणि माझ्यासमोर एका माणसाला आडवं होता येत नव्हतं, तर मी विनोद करत होतो. आणि ते? दुसऱ्याचं इंजिन कानानं ओळखणारा माणूस, त्यांनी स्वतःच्या छातीला कधी कान दिला नाही. दिव्याखाली अंधार म्हणतात तो असा.

एका रविवारी मी हँडल पन्नासावर धरलेलं असताना त्यांच्या हातातून स्क्रूड्रायव्हर पडला. ते जमिनीवर बसले आणि तोंड उघडून हवा शोधू लागले. मी हँडल सोडून धावलो. मागे इंजिन धाडकन आडवं पडलं आणि बंद झालं. त्याच्याकडे कोणी वळून पाहिलं नाही.

गोंदियाच्या दवाखान्यात डॉक्टरांनी सांगितलं, "दिल की पंपिंग बहुत कम है, फेफड़ों में पानी भर गया है. इन्हें बिल्कुल सीधा मत लिटाना." म्हणजे फुप्फुसांत पाणी होतं, आणि आडवं निजवायचं नव्हतं. पलंगाच्या पायथ्याशी एक हँडल होतं. ते मी फिरवलं आणि पाठीचा भाग वर आला. टेकचंदभाऊंनी नाकावरचा मास्क बाजूला करून विचारलं, "किती?" मी म्हटलं, पंचेचाळीस असतील. "चाळीस आहे. पाच अजून द्या." मी पाच दिले. तीन दिवस मी आणि वहिनी आळीपाळीनं बसलो. दुसऱ्या दिवशी ते हळूच म्हणाले, "बाबूजी, तुमचंच खरं होतं. इंजिन झुकवाचंच कायले? इंजिन उभंच राहू द्याचं, पंखाच झुकवाचा. मी उगाच त्याले लेटवून राहिलो." मी म्हटलं, घरी गेल्यावर करू. "गिअर लागीन," ते म्हणाले आणि डोळे मिटले. जिंकलो होतो म्हणे मी. असलं जिंकणं कोणाच्या वाट्याला येऊ नये.

चौथ्या दिवशी नागपूरला न्यायचं ठरलं. मिळाली ती गाडी घेतली. त्यातल्या स्ट्रेचरचा पाठीचा भाग वर तर होत होता, पण राहत नव्हता. त्याचा खटका मोडलेला होता. ड्रायव्हरनं दोरी बांधून पाहिली, उशा लावून पाहिल्या, पहिल्याच खड्ड्याला सगळं खाली आलं आणि टेकचंदभाऊंचा श्वास घुसमटला. दुसरी गाडी दोन तासांनी मिळणार होती. मग मी वर चढून त्यांच्या मागे बसलो, पाय दोन्ही बाजूंना टाकले आणि त्यांना छातीवर घेतलं. वहिनी समोरच्या बाकावर त्यांचे तळवे धरून. साकोलीपर्यंत ते अधूनमधून बोलत होते. "खटका नाही ना गा?" त्यांनी विचारलं. आयुष्यात पहिल्यांदा मला 'बाबूजी' सोडून घरच्या माणसासारखं 'गा' म्हणाले. मी म्हटलं, नाही. "मंग धरून ठेव," म्हणाले. मी धरून ठेवलं होतं. पाठ मोडायला आली होती, पायाला मुंग्या आल्या होत्या, तरी एक अंश खाली जाऊ दिला नव्हता. साकोली, लाखनी, भंडारा… मला वाटत होतं की एवढं केलं की पुरे, आपल्या हातात एवढंच आहे आणि एवढं आपण नीट करतो आहोत. पण मी बाहेरून धरलं होतं. आतलं पाणी कोण धरणार?

तेरवी झाली, मुलगी रायपूरला परत गेली. मग एके दिवशी वहिनींचा फोन आला. "बाबूजी, इंजिन तसंच आडवं पडून आहे. ते असते त सोडले नसते." मी गेलो. एक्झॉस्टमधून काळं तेल गळून जमिनीवर थिजलं होतं. हँडल गंजायला लागलं होतं म्हणून मी वंगण मागितलं, तर वहिनींनी एक बिस्किटांचा जुना डबा आणून दिला. त्यात ग्रीस होतं, चिंध्या होत्या आणि तेलकट कागदात गुंडाळलेलं काहीतरी होतं. उघडून पाहिलं तर नवाकोरा खटका, घासून गुळगुळीत केलेला. हँडलच्या चाकाला लावून पाहिला तर दात तंतोतंत बसत होते.

"हा कधी केला?" मी विचारलं.

"तो त पहिल्याच वर्षी केल्ला त्यायनं," वहिनी म्हणाल्या. "मी म्हटलं, मंग बसवत काऊन नाही, बाबूजीचे हात दुखतेत. तर म्हणत, खटका बसला त बाबूजी येतीन कायले?"

मी तो परत कागदात गुंडाळला आणि डब्यात ठेवला. वहिनी चहा ठेवायला आत गेल्या ते बरंच झालं. मग हँडल फिरवलं. इंजिन उठायला लागलं, आत तेल परत खाली उतरू लागल्याचा आवाज येत होता. नव्वदावर नेऊन ठेवलं आणि ते सगळं तेल तळाशी जाईपर्यंत तिथेच बसलो.

अजूनही रविवारी अकराला मी जातो. मला ते इंजिन सुरू करता येत नाही, त्यांनी कधी शिकवलं नाही आणि मी कधी विचारलं नाही. बंद इंजिनच मी सावकाश झुकवतो, हात भरून येईपर्यंत धरतो आणि परत उभं करून ठेवतो. वहिनी दारातून बघतात. पंचेचाळिसाच्या खाली मी ते जाऊ देत नाही.