टेलरबाईची टेप

टेलरबाईच्या मनात एकदा पाल चुकचुकली की तिला गप्प करणं देवाच्या बापालाही जमायचं नाही. गल्लीत तिची शिलाई सगळ्यांना हवी आणि तिचा स्वभाव कुणालाच नको, अशी गत. तुटलेलं बटण लावायला दिलं तर ते तुटलं कसं, हे आधी विचारायची. मगच सुईला हात लावायची.

पण खरं सांगायचं तर त्या गावात संशय घेणं हा काही नुसता दुर्गुण नव्हता. तिथे भरत्या दोन. एक रोजची, मासळी आणणारी. दुसरी क्वचित कधीतरी, भर दुपारी न सांगता येणारी. तिला जुनं पाणी म्हणत. समुद्राच्याही आधीचं पाणी म्हणे ते. घोट्याएवढंच घरात शिरायचं, पण ज्याला शिवेल त्याचं वय हलवायचं. येताना वय चढवायचं, जाताना उतरवायचं. त्यातली गोम अशी, की घरातल्या एकावर चढलं असेल तरच दुसऱ्याचं उतरायचं. म्हणून पाणी दिसताच बंदरावरचा भोंगा वाजला की जो तो पाय वर घेऊन खाटेवर बसायचा आणि दुसऱ्याच्या पायांवर नजर ठेवायचा. तेवढ्या वेळापुरता सख्ख्या भावाचाही भरवसा नसायचा.

मागचं जुनं पाणी ओसरल्यावर थोड्याच दिवसांत टेलरबाईनं नव्या फ्रॉकसाठी लेकीला समोर उभं केलं, टेप लावली, आणि आकड्यावर तिचं बोट थबकलं. पोर दोन इंच वाढली होती. लेकीची मापं तिला तोंडपाठ. पुन्हा मोजलं, तेच. आणि टेप खोटं बोलत नाही, हे तर ती पोट सुटलेल्या प्रत्येक गिऱ्हाइकाला ऐकवायची.

पोरीवर चढलं, मग उतरलं कुणाचं? नवरा बोटीवर, महिनोन्‌महिने बाहेर. उरल्या सासूबाई. काजं-बटणं त्यांच्याकडे असायची. एरवी चष्म्याशी झटापट आणि 'जरा दोरा ओवून दे गं'ची भुणभुण चाललेली. हल्ली ते सगळं बंद. सुई उचलायच्या की कामाला लागायच्या. पाणी आलं त्या दुपारी टेलरबाई गिऱ्हाइकाकडे अडकून पडली होती, घरात आजी आणि नात दोघीच. बस, हिचं ठरलं. म्हातारीनं पोरीचे पाय पाण्यात सोडले आणि ओसरताना स्वतः पाण्यात उतरून तरुण झाली.

पोरीचा जुना फ्रॉक अजूनही गुडघ्याखाली येत होता, हे तिला दिसत नव्हतं असं नाही. पण संशयाला उत्तर तयारच असतं. सासूबाईंनीच खालची दुमड उसवून सोडली असणार, असं तिनं धरलं. पुढच्या पाण्यात पोर आणखी मोठी होईल, आपल्या डोळ्यांदेखत तिचं बालपण संपेल, या धास्तीनं तिला पछाडलं. तिनं टेकडीवरच्या नणंदेला निरोप धाडला, आईला घेऊन जा. नणंदेकडे जागा नव्हती, स्वयंपाकघरातच अंथरूण पडणार होतं. सासूबाईंनी एकदाच विचारलं, माझं काय चुकलं. टेलरबाई मशीन चालवत राहिली.

नणंद यायच्या सकाळी सासूबाईंनी गाठोडं बांधलं, आणि टेलरबाईला राहवलं नाही. तिनं सुई आणि रीळ त्यांच्या पुढ्यात ठेवलं.

"नवे डोळे आलेत ना तुम्हाला? मग ओवा हा दोरा माझ्यासमोर."

सासूबाईंनी दोरा ओठांत धरून टोकदार केला. तो सुईच्या डावीकडून गेला, मग वरून गेला. मग सुई अंगठ्यात गेली. दारात उभी असलेली पोर रडवेली होऊन पुढे आली.

"आजी, उशीतली घे ना. मी सकाळीच ओवून ठेवल्यात."

सुयांच्या उशीत पांढऱ्या, काळ्या, निळ्या दोऱ्यांच्या सुया ओळीनं टोचलेल्या होत्या. शाळेत जायच्या आधी पोर रोज हेच करत होती, आणि आजीनं शपथ घातली होती म्हणून गप्प होती.

"दिसत नाही म्हटलं असतं तर तू काम काढून घेतलं असतंस," सासूबाई म्हणाल्या. "काम गेल्यावर मला कोण ठेवतंय? आता कळलंच तुला. गाठोडं बांधलेलंच आहे."

टेलरबाईनं खाली बसून पोरीच्या फ्रॉकची कड उलटली. तिचीच मशीनची शिलाई, एक टाका हललेला नव्हता. फळीवरची लाकडी पट्टी काढून तिनं टेपशेजारी ठेवली. टेप आखूड होती. पाणी आलं त्या दुपारी ती घाईत टेप टेबलावरून जमिनीपर्यंत लोंबती सोडून गेली होती. पाण्यानं टेपलाच म्हातारं केलं होतं आणि ती आटली होती, म्हणून पोर वाढलेली दिसली. त्याच टेपनं मापं घ्यायची, त्याच टेपनं बेतायचं, म्हणून कपडे बसत होते आणि कुणाची तक्रार नव्हती. टेलरबाईला स्वतःची इतकी लाज वाटली की मान वर करवेना.

तेवढ्यात बाहेरून नणंदेची हाक आली, आई, निघायचं ना?

"त्यांना इथे काम आहे," टेलरबाईनं आतूनच सांगितलं. मग सासूबाईंच्या हातातली सुई हळूच घेऊन ती स्वतः दोरा ओवायला बसली. पण डोळे इतके भरले होते की तिलाही नेढं दिसेना. शेवटी ती सुई पोरीनंच ओवली.