डबा वाजवणारा पोरगा

संध्याकाळच्या वर्धा-देवळी बसमध्ये तो रोज माझ्या पुढच्या सीटवर असतो. मांडीवर गिटारची पेटी आडवी, तिच्यावर बोटांचा ठेका आणि मान जराशी डावीकडे कललेली. नाव मी कधी विचारलं नाही. लहानपणी मोहल्ल्यातल्या एकुलत्या टीव्हीसमोर दाटीवाटीनं बसून आम्ही त्याला पाहिलं होतं. मालिकेत तो जत्रेत हरवलेला पोरगा होता. बिस्किटाचा डबा वाजवत गावोगाव आईला शोधायचा. मालिका मध्येच बंद पडली आणि तो घरी पोचला की नाही, ते आम्हाला कधीच कळलं नाही.

आता तो देवळीतच राहतो. गाणी स्वतःच लिहितो, गातो, बासरी-ढोलकीही स्वतःच वाजवतो आणि घरीच रेकॉर्ड करून मोबाइलवर सोडतो. मुंबई काऊन सोडली, असं कोणी विचारलं की नुसता हसतो.

परवा भाजी विकून परतणारी एक आजी रिकामं टोपलं घेऊन त्याच्या शेजारी बसली. बराच वेळ त्याच्या बोटांकडे बघत राहिली.

"काऊन रे, तू तोच ना, जत्रेत हरपलेला?"

त्यानं मान हलवली. आता ही डबा वाजवून दाखव म्हणणार, असं मला वाटलं. सगळे तेच म्हणतात.

"भेटली का मंग तुले माय?"

त्याची बोटं थांबली.

"भेटली, आजी. माय तर देवळीलेच होती. मलेच यायले उशीर झाला."

आजीनं टोपल्यात उरलेली पालकाची जुडी त्याच्या हातात ठेवली.

"तिले देजो. म्हणजो, पोट्टं लय हिंडलं, आता रागावू नको."