क्लाउसने पाडलेला कॅमेरा

मुलांनो, क्लाउस चिडला की हाताला येईल ते फेकायचा. खुर्ची, थर्मास, एकदा तर माझा स्टेपलर. पण कॅमेऱ्याला त्याने कधी ओरखडा येऊ दिला नाही.

शारजात मी ज्या कंपनीत पटकथेची पानं टाइप करायचे, तिथे तो कॅमेरामन होता. जर्मनीत वीस वर्षं सिनेमे आणि टीव्ही मालिका करून आलेला. मनासारखा शॉट मिळाला की "खलास!" एवढंच म्हणायचा.

तिकडे एका सिनेमाच्या शूटिंगमध्ये एक माणूस खरोखरच घोड्यांच्या टापांखाली चिरडला गेला, पण क्लाउसने कॅमेरा थांबवला नव्हता. "त्या शॉटला बक्षीस मिळालं, मॅडम," तो मला म्हणाला. "माणूस मेला. कॅमेरामनने मध्ये पडायचं नसतं." आणि हातातला कप त्याने भिंतीवर फोडला.

मग अल ऐनच्या वाळूत युद्धाचं दृश्य आलं. पेटलेल्या सैनिकाचं काम करणारा स्टंटमन होता रत्नागिरीचा सदाशिव. खूण ठरली होती: चटका सोसेना की त्याने पालथं पडायचं, मग आग विझवायची. त्या सकाळी दिग्दर्शकाने शेवट बदलला. सैनिक पालथा पडून मरतो. ते पान मीच टाइप केलं. टायपिंगची एकही चूक नव्हती. ठरलेली खूणही तीच होती, हे मात्र माझ्या ध्यानात आलं नाही.

सदाशिव पेटला, धावला, पालथा पडला.

"रोलिंग, रोलिंग! क्या ॲक्टिंग है, हबीबी!" दिग्दर्शक ओरडला. विझवणारे ब्लँकेटं धरून 'कट'ची वाट बघत राहिले. मीही ते दृश्य हातातल्या पानाशी ताडून पाहत होते.

क्लाउसला लेन्समधून सदाशिवची बोटं वाळू ओरबाडताना दिसली. त्याने लाथेने कॅमेरा आडवा केला, मध्ये आलेल्या दिग्दर्शकाला खाली पाडलं आणि उघड्या हातांनी ती आग बडवत सुटला. कातडी जळल्याचा तो वास मला अजून येतो.

सदाशिव वाचला. पाठ गेली, जीव राहिला. क्लाउसची बोटं मात्र आखडली. फोकस फिरवता येईना. कंपनीने त्याला काढलं.

जर्मनीला परतण्याआधी तो ऑफिसात आला. निरोपाला सदाशिवही आला होता, काठी टेकत. पडलेला कॅमेरा चालूच राहिला होता. ते चित्रण मी दोघांना लावून दाखवलं. आडवी वाळू, आडवं आकाश, कोपऱ्यात आगीवर आपटणारे दोन हात.

"साब, फ्रेम टेढी है," सदाशिव म्हणाला.

"गप्प, गाढवा!" क्लाउस त्याच्यावर खेकसला. पट्ट्या बांधलेल्या हातांनी फेकायला काही उचलता येत नव्हतं. पडदा पांढरा होईपर्यंत तो बघत राहिला. मग हळूच म्हणाला, "खलास."