कडुलिंबाच्या पाल्याखाली

आमची अक्का तिरुवैयारूला गाणं शिकवते. लग्न केलं नाही, आईजवळच राहिली. मी धाकटी, तंजावूरला नोकरीला, तोंडाची फटकळ. भांडणं माझ्या वाट्याला आणि गाणं तिच्या, अशी आमची लहानपणापासूनची वाटणी.

काही वर्षांपूर्वी तिचा गाल दुखायला लागला. दुखायला म्हणजे कसा! वरचा सा लावायला तोंड उघडलं की गालात कळ उठायची, आणि ती शिकायला आलेल्या मुलींसमोर हाताने तोंड दाबून बसायची. दाढ काढून झाली, लेप झाले. शेवटी मी तिला स्कूटरवर बसवून तंजावूरच्या डॉक्टरांकडे नेलं. शिरेचं दुखणं आहे म्हणाले, रोज घ्यायची एक गोळी लिहून दिली. काय गुण आला म्हणून सांगू! थोड्याच दिवसांत अक्काने सकाळी वरचा सा लावला आणि आईने मला तो फोनवर ऐकवला. ऑफिसला निघालेली मी, जिन्यातच बसून रडले.

मग अक्काला ताप आला. डोळे लाल झाले, तोंड आतून सोललं, छातीवर पुरळ उठलं. आईचा फोन आला. "अम्मा आल्यात गं घरी. येशील तर न्हाऊन ये, आणि औषधबिषध काही आणू नकोस."

आमच्याकडे कांजिण्या-गोवर हा रोग नव्हे. मारियम्मन देवी, म्हणजे अम्मा, स्वतः घरी येते. ती असेपर्यंत दाराला कडुलिंब, स्वयंपाकात फोडणी बंद, शेजारणी उंबऱ्याबाहेर. आजारी माणसाने पाल्यावर निजायचं, शहाळ्याचं पाणी प्यायचं, आणि औषधाचं नाव काढायचं नाही. आमचे पूर्वज मराठ्यांच्या राज्यात इकडे आले तेव्हा आपले देव बरोबर घेऊन आले. ही देवी मात्र इथली, आणि आम्ही भितो ते तिलाच.

"लहानपणी एकदा येऊन गेल्या ना अम्मा? पुन्हा कशा येतील?" मी दारातच आईला विचारलं. "डॉक्टरांना दाखवू या."

"हळू बोल! पाहुणीला कुणी हाकलतं का?"

"पाहुणी कसली डोंबलाची! पाण्याचा घोट उतरत नाहीये तिच्या घशाखाली!"

अक्काने पाल्यावरूनच मला हात जोडले. गप्प राहा, अशी खूण. ओठ इतके सुजले होते की बोलणं शक्यच नव्हतं. मी पाय आपटत परत निघाले. पुलावर स्कूटर थांबवून खाली कावेरीकडे बघत उभी राहिले.

दुसऱ्या दिवशी सकाळी राहवलं नाही, पुन्हा गेले. खोलीत पाल्याचा कडू वास होता आणि त्याखाली आणखी कसलातरी, ओला. पाला बदलायचा म्हणून मी अक्काला कुशीवर वळवलं. पाठीला चिकटलेली पानं निघाली ती कातडीसकट. उकडलेल्या बटाट्याची साल हाताला यावी तशी कातडी माझ्या बोटांवर आली. "ऐयो!" म्हणून आईने हातातला ताजा पाला टाकून दिला.

आणि पाल्याखाली, उशीजवळ, गोळ्यांचं पाकीट. गालाच्या गोळ्यांचं.

"अक्का, ही घेतेयस तू अजून?"

तिने मान डोलावली. सुजल्या ओठांतून कसेबसे शब्द आले. "दुखणं परत येईल. गाणं जाईल." आईच्या नकळत, देवीची क्षमा मागून, ती रोज गोळी गिळत होती. पाणी उतरत नव्हतं त्या घशातून.

आईने मला अडवलं नाही. मी गाडी बोलावली, पाकीट मुठीत घट्ट धरलं. हॉस्पिटलात डॉक्टरबाईंनी आधी अक्काकडे पाहिलं, मग पाकिटाकडे. "ही आताच्या आता बंद. वाचतील का, आज सांगता येणार नाही." गोळी चुकीची नव्हती, म्हणाल्या. हजारो लोक सुखाने घेतात. एखाद्याच्याच शरीरावर ती अशी उलटते, आणि तो एखादा कोण, हे बहुतेक वेळा उलटल्यावरच कळतं.

म्हणजे बघा, आईचा नियम अक्काने मुकाट पाळला असता तर गोळी केव्हाच थांबली असती. आणि त्याच नियमावरून मी आईशी भांडले होते. रागवायचं तरी कुणावर? आज साधी तापाची गोळीसुद्धा मी तळहातावर धरून बघत बसते. ती काही सांगत नाही.

अक्का वाचली. नवी कातडी आली, आवाजही आला. डोळ्यांतलं पाणी मात्र कायमचं आटलं. दिवसभर थेंब घालावे लागतात, नाहीतर डोळे वाळू गेल्यासारखे खुपतात. आई म्हणायची, "देवीने जीव ठेवला, आसवं नेली."

गेल्या वर्षी आई गेली. अक्का तिच्या उशाशी बसली होती, डोळे लालभडक, कोरडे. नात्यातली एक बाई पुटपुटली, "काय दगडाचं काळीज बाई, डोळ्यांत टिपूस नाही!" मी तोंड उघडणार तेवढ्यात अक्काने माझं मनगट दाबलं आणि मान मागे टाकली. मी पर्समधून बाटली काढून तिच्या दोन्ही डोळ्यांत थेंब घातले. डोळे भरले, ती आईवर वाकली आणि थेंब गालांवरून आईच्या कपाळावर पडले.

"आणखी घाल," अक्का म्हणाली.