कोऱ्या कागदावरची सही

बॉनच्या विद्यापीठात मी तीन वर्षं एका इंग्रज उमरावाच्या पत्रांच्या याद्या केल्या. नवऱ्याच्या नोकरीमुळे आम्ही जर्मनीत आलो होतो. पुण्यात मी कॉलेजच्या ग्रंथालयात होते, म्हणून इतिहास विभागातल्या प्रोफेसरांनी मला अर्धवेळ काम दिलं. उमराव जॉर्ज राजांच्या काळातला. दोनदा मंत्री झालेला, संधिवातानं बेजार. त्याच्या पत्रांच्या झेरॉक्स खोक्यांतून आल्या होत्या. प्रत्येक पत्राला मी चार रकाने ठेवले: तारीख, गाव, बाहेरच्या कागदावर काय, आतलं अक्षर कोणाचं. त्याचा पाय कधी सुजला होता हे मला नवऱ्याच्या रक्तदाबापेक्षा जास्त पाठ होतं.

मग पुण्याहून ती आली. सत्तावीस वर्षांची, पीएच.डी. करायला. प्रोफेसरांनी माझा उमराव तिला विषय म्हणून दिला आणि मला सांगितलं, "तुमच्या याद्या तिला द्या." दिल्या. आधी त्यांची एक प्रत काढून घरी ठेवली.

"काकू, तुमच्यामुळे माझं एक वर्ष वाचलं," ती म्हणायची. मला 'काकू' टोचायचं, आणि ते वाचलेलं वर्षही. ती असं जर्मन बोलायची की प्रोफेसर "गेनाऊ, गेनाऊ", म्हणजे अगदी बरोबर, असं करत मान डोलवायचे. माझ्याशी मात्र ते कायम हळू आणि मोठ्यानं बोलत. दुपारी ती त्यांच्याबरोबर कॅन्टीनला जायची. मी डबा उघडून खोक्यांपाशी बसायचे.

प्रबंध द्यायला आठ दिवस राहिले तेव्हा तिनं तारखा तपासायला एक प्रकरण माझ्याकडे दिलं. त्यात लिहिलं होतं की संसदेत युद्धावर मोठं मतदान झालं त्या दिवशी उमराव गावाकडे तापाचं निमित्त करून झोपून राहिला. पुरावा एक पत्र: मी तापानं पडून आहे असा मजकूर, शेवटचं पान गहाळ, बाहेर उमरावाची सही. अक्षर त्याचं नव्हतं, पण संधिवातामुळे त्यानं मजकूर सांगून लिहून घेतला असणार, असं तिनं धरलं होतं.

मी यादी उघडली. त्याच तारखेला लंडनहून त्याच्या हातचं पत्र होतं. दोन नोकरांनी खुर्चीत बसवून त्याला सभागृहात नेलं होतं, आणि तो मत देऊन आला होता. तापाच्या पत्रातलं अक्षर त्याच्या मेहुण्याचं. त्या काळी उमरावाची सही बाहेर असली की टपाल फुकट जायचं. म्हणून नातेवाईक त्याच्याकडून कोऱ्या कागदांवर सह्या घेऊन ठेवत आणि आपली पत्रं त्यांत घालून पाठवत. माझ्या तिसऱ्या आणि चौथ्या रकान्यात हे सगळं होतं. तिनं तापाच्या पत्राची तेवढी ओळ काढली होती, आणि तिच्यातलेही पहिले दोनच वाचले होते.

घरी नवऱ्याला सांगितलं.

"मग तिला कळवलंस?"

"नाही अजून."

"अगं, चूक सापडली म्हणून खूश आहेस तू!"

"आहे."

"तोंडी परीक्षेत पकडतील बिचारीला."

"पकडू देत. तेव्हा प्रोफेसरांना आठवेल, ही यादी कोणी केली होती."

चार दिवस मी गप्प राहिले. ती रोज विचारायची, "काकू, तारखा बरोबर?" मी म्हणायचे, बघतेय. पाचव्या दिवशी प्रकरण पुन्हा हातात घेतलं आणि 'भित्रा' या शब्दावर अडले. सुजलेला पाय घेऊन गेलेल्या माणसाला ही भित्रा म्हणणार, आणि ते छापलं जाणार. हिच्यासाठी मी तोंड उघडलं नसतं. त्याच्यासाठी दोन्ही पत्रं तिच्या टेबलावर ठेवली.

ती पांढरी पडली. "तुम्हाला कधी कळलं?"

"सोमवारी."

"आज शुक्रवार आहे, काकू."

"हो."

शनिवार-रविवार बसून तिनं प्रकरण नव्यानं लिहिलं, मेहुण्यांवर आणि फुकटच्या सह्यांवर. आधीच्यापेक्षा कितीतरी चांगलं. प्रोफेसर तिला म्हणाले, "काय नजर आहे!"

मी खोक्यांपाशीच होते. ती वळली आणि सगळ्यांदेखत म्हणाली, "नजर यांची आहे. मी चुकले होते."

सोमवार ते शुक्रवारबद्दल एक अक्षर नाही. प्रोफेसर माझ्याकडे वळून काहीतरी छान बोलले, हळू आणि मोठ्यानं. मी त्यांचे आभार मानले. हिनं मला रागवायलाही जागा ठेवली नाही, एवढंच तेव्हा मनात होतं.