रवंथ थांबवणारा सूर

माणसाच्या अंगावर काटा आणण्याची कला माझ्या साडूंइतकी उभ्या वऱ्हाडात कुणाला साधली नसेल. वलगावात त्यांचा भाजीचा मळा, एक म्हैस आणि गळक्या भात्याची एक बाजाची पेटी. पेटीच्या पट्ट्या ते क्वचितच दाबत. नुसता भाता हळूहळू हलवत, आणि दाराआड कुणीतरी उभं राहून श्वास घेत असल्यासारखा आवाज येई. भाता दुरुस्त करून आणतो म्हटलं, तर म्हणाले, "काहून? सूर तं कोनाच्याई पेटीत भेटते. हा दमा माह्याच पेटीले हाये." रिकाम्या रांजणात तोंड घालून गुणगुणणं, वाळल्या तुरीच्या शेंगा सुपात हलवणं, हे बाकीचे उद्योग. प्रत्येक आवाजाची परीक्षा म्हैस घेई. तिनं रवंथ थांबवला की आवाज पास. "मानूस तोंडावर वाहवा करते, साडभाऊ. हे नाई करत." मी अमरावतीच्या शाळेत गाण्याचा मास्तर, माझा यमन ऐकताना ती एकदाही थांबली नाही.

साठ सालानंतर आम्ही काही नाटकवेड्या मित्रांनी स्वतःच्या बळावर एक छोटा चित्रपट काढला. ओसाड घरात नवऱ्याची वाट पाहणाऱ्या बाईची गोष्ट. पार्श्वसंगीत सगळं साडूंचं. मी टेपरेकॉर्डरजवळ बसून फक्त हातानं खूण करत होतो. पण श्रेयनामांच्या पाट्या रंगवणाऱ्यानं "संगीत कोणाचं लिहू?" असं विचारलं, तेव्हा मी माझं नाव सांगितलं. म्हशीवर सूर पारखणाऱ्याचं नाव पाहून लोक हसतील, असं मनाला समजावलं. नंतर बदलू म्हणता म्हणता पाटी चित्रित झाली, आणि साडूंना सांगायचं राहूनच गेलं.

अकोल्याला सकाळचा खेळ ठरला. साडूंनी वलगावची पंधरा माणसं सोबत आणली. नवं धोतर नेसून ते माझ्या शेजारी बसले आणि मेहुणीला म्हणाले, "नजर हालवू नोको, आता येते नाव." पाट्या सुरू झाल्या. छायाचित्रण गेलं, वेशभूषा गेली. मग संगीताची पाटी आली. माझं एकट्याचं नाव. मेहुणीनं आधी त्यांच्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे. मागून कुणीतरी विचारलं, "तुमचं कुठी हाये हो, भाऊ?"

"गप बस. पिच्चर पाय," साडू म्हणाले.

थिएटरभर भुईमुगाच्या शेंगा फोडण्याचा कडकडाट चालला होता. पडद्यावरची बाई दाराकडे वळली आणि पेटीचा तो श्वास सुरू झाला. कडकडाट विरळ झाला, मग एका क्षणी पार थांबला. अंधारात साडूंचा हात माझ्या मांडीवर आला. आता विचारणार, असं वाटून मी नजर पडद्यावरच ठेवली. ते माझ्या कानाशी वाकले.

"थांबले, साडभाऊ."

बाहेर हार माझ्या गळ्यात पडला. टाळ्या त्यांनीही वाजवल्या. पुढे कित्येक वर्षं मळ्यातली वांगी माझ्या घरी येत राहिली. तो विषय मात्र ना त्यांनी काढला, ना मी. आता ते नाहीत, त्या फिल्मचाही पत्ता नाही. म्हणून लिहून ठेवतो: ते संगीत त्यांचं होतं. मेहुणीनं पेटी माझ्याकडे दिली आहे. भाता तसाच गळका ठेवलाय. कधीमधी हलवून पाहतो. माझ्या हातून नुसती हवा जाते.