वेनकाका सोयाबीन विकतात

आमच्या ऑफिसातले किस्से सोयाबीनसारखेच आहेत. साठवायला जागा नाही, गिऱ्हाईक नाही, आणि टाकून द्यायला जीव होत नाही. तेव्हा आज थोडे मोकळे करते. मिळेल तो भाव!

आधी ऑफिस कुठलं ते सांगते. अमेरिकेत, आयोवातल्या एका छोट्या गावात धान्याचं एलेव्हेटर आहे. शेतकऱ्यांकडून मका-सोयाबीन घ्यायचं, उंच सायलोंमध्ये साठवायचं आणि रेल्वेनं पुढे धाडायचं. आमच्या लातूरच्या भाषेत, मोठी आडत. नवरा निखिल जवळच्या शहरात ट्रॅक्टरच्या सॉफ्टवेअरवर काम करतो. मी अर्थशास्त्रात एम.ए. आहे. त्याचा उपयोग एवढाच, की शिकागोच्या बाजारात भाव पडला की शेतकऱ्यांना फोन करून तो किती शास्त्रशुद्ध पडला हे मी नीट सांगू शकते.

इंटरव्ह्यूत मॅनेजर क्रेगनं एकच प्रश्न विचारला होता. "भाव ऐकल्यावर लोक फोनवर ओरडतात. चालेल?"

मी म्हटलं, "घरी चार वर्षांची मुलगी आहे."

"सोमवारपासून ये!"

*

सकाळी आमच्याकडे फुकट कॉफी असते आणि ती प्यायला आसपासचे म्हातारे शेतकरी जमतात. इथली रीत अशी, की आपण सोयाबीन कधी विकलं हे जाहीर सांगायचं. पण फक्त भाव पडल्यावर!

"मी तर मेमध्येच मोकळा झालो." मेमध्ये भाव चांगला होता.

"मीसुद्धा! अगदी टोकाला विकलं."

"मी तुझ्या दुसऱ्या दिवशी. आणखी वर!"

सुरुवातीला मी भारावून ऐकायचे. काय ही दूरदृष्टी! मग एकदा क्रेगला विचारलं, "सगळ्यांनी मेमध्ये विकलं, तर मेमध्ये आपल्याकडे ट्रक का नाही आले?"

"माया," क्रेग म्हणाला, "कॉफी ओत."

माझं नाव मृण्मयी. ते इथं कुणालाच झेपत नाही.

*

त्या कंपूत खोटं न बोलणारा माणूस एकच, वेन. घरी लेकीशी, इराशी, बोलताना मी त्यांना वेनकाका म्हणते, आता तोंडावरही तेच म्हणते. खोटं बोलायची त्यांना गरजच नव्हती, कारण त्यांनी विकलेलंच नव्हतं. मागच्या वर्षीचं अख्खं पीक त्यांच्या शेतातल्या पत्र्याच्या गोल कोठीत पडून होतं.

"बुशेलला अकरा डॉलर झाल्याशिवाय एक दाणा हलणार नाही!" बुशेल हे इथलं माप, सोयाबीनचे साधारण सत्तावीस किलो.

टॅरिफ लागलं, तरी अकरा. चीननं खरेदी थांबवली, तरी अकरा. टॅरिफ गेलं, परत आलं, चीन बघू म्हणाला, तरी अकरा. तोवर शेतात नवं पीक पिवळं पडायला लागलं. कोठी रिकामी झाली नाही तर ते ठेवायचं कुठे? मग कापणीच्या गर्दीत, वर्षातल्या सगळ्यात पडक्या भावाला, शेतातून थेट आमच्या दारात आणून ओतायचं. म्हणजे एका वर्षाच्या हट्टापायी दोन वर्षांचं पीक मातीमोल! या विचारानं माझी झोप उडाली. वेनकाकांची नाही.

त्यांची बायको डार्लीन एकदा म्हणाली, "आमच्याकडे दोन गोष्टी जागच्या हलत नाहीत. एक कोठी आणि दुसरा वेन."

*

चर्चच्या हॉलमध्ये पॉटलक होतं, म्हणजे प्रत्येकानं घरून एक पदार्थ आणायचा. चार दिशांना सोयाबीनची शेतं असलेल्या गावात खायचं सोयाबीन मिळत नाही, हे मला तेव्हा कळलं. दोन तास ड्राइव्ह करून इंडियन स्टोअरमधून सोया वड्यांचं पाकीट आणलं, भारतातून आलेलं! झणझणीत रस्सा केला आणि मग रात्रभर काळजी केली, की तिखट झाला का.

वेनकाकांनी चमचाभर खाल्लं. "हे काय आहे?"

"सोयाबीन."

त्यांनी चमचा खाली ठेवला. "हे माणसं खातात?"

"मग तुम्ही इतकी वर्षं पिकवलंत ते कुणासाठी?"

"डुकरांसाठी!"

मी ओशाळून भांडं उचलायला गेले, तर काकांनी ताट पुढे केलं. "राहू दे. डुकरांचं चांगलं चाललंय की!"

*

विद्यापीठातून एक तरुण तज्ज्ञ आला होता. स्क्रीनवर चढउताराच्या रेघा. "भावनेच्या आहारी जाऊ नका. टप्प्याटप्प्यानं विका. एका आकड्यावर अडून बसणं हा शेतकऱ्याचा सगळ्यात मोठा शत्रू." मी पहिल्या रांगेत बसून मान डोलवत होते. अगदी माझ्या मनातलं!

शेवटी वेनकाकांनी हात वर केला. "तुझ्या घरी शेती आहे?"

"आहे ना."

"सोयाबीन विकलं?"

तज्ज्ञ लॅपटॉप आवरायला लागला. "बाबा विकू देत नाहीत."

*

हट्टाचं म्हणाल तर माझे बाबाही कमी नाहीत. त्यांची लातूरला थोडी शेती आहे. सोयाबीनची पोती पाहुण्यांच्या खोलीत रचलेली, त्यामुळे गेल्या दिवाळीपासून घरी पाहुणा नाही. दर रविवारी व्हिडिओ कॉल.

"काय गं, तिकडे पाऊसपाणी?"

"छान झालाय, बाबा!"

"अरेरे!"

इकडे, ब्राझीलचं पीक बुडालं तर आपला भाव चढेल म्हणून वेनकाका रोज फोनवर विचारणार, "ब्राझीलमध्ये दुष्काळाची काही बातमी?" मीही निर्लज्जपणे, "नाही हो, काका, तिथं मस्त पाऊस," असं दुःखी आवाजात सांगणार. ब्राझीलमध्येही एखादा गृहस्थ आयोवाच्या ढगांकडे डोळे लावून बसला असेलच. त्याची लेक कुठल्या ऑफिसात आहे, कुणास ठाऊक.

मुलं सगळं ऐकत असतात, हे मी पेरेंटिंगच्या तीन पुस्तकांत अंडरलाइन केलेलं होतं. एक दिवस चर्चच्या प्री-स्कूलमधून इराची टीचर मिस केला हिचा फोन. "जरा येऊन जाता?" प्रार्थनेच्या वेळी इरानं डोळे मिटून, हात जोडून मोठ्यानं मागितलं होतं, "गॉड, प्लीज, नो रेन इन ब्राझील!"

शाळेकडे जाताना गाडीत मी पूर्ण कोसळले. चार वर्षांची मुलगी एका अख्ख्या देशाचं वाईट चिंतते! संस्कार कमी पडले? स्क्रीन टाइम जास्त झाला? निखिलला फोन केला तर तो म्हणाला, "यार, ॲटलीस्ट भूगोल पक्का आहे."

मिस केलानं दार लावून घेतलं. "हे ती कुठे शिकली?"

"माझ्या... ऑफिसमुळे. आय ॲम सो सॉरी, मी तिला समजावते..."

"नको, नको!" तिनं आवाज खाली आणला. "आमच्याकडेही बरंच सोयाबीन शिल्लक आहे. रोज म्हणेल का ती?"

*

आणि इराचं देवानं ऐकलं की काय, एका सकाळी भाव खरंच अकराला टेकला! मी खुर्चीतून उडालेच. लगेच वेनकाकांना फोन लावला.

"काका, अकरा!"

"अकरा? म्हणजे कुणाला तरी काहीतरी कळलंय," काका म्हणाले. "साडेअकराला देऊ!"

दुपारपर्यंत भाव परत खाली.

पुढच्याच आठवड्यात वजनकाट्यावर सोयाबीननं भरलेला ट्रक येऊन थांबला. स्टिअरिंगवर डार्लीन! मागे शेजाऱ्यांचे आणखी दोन ट्रक.

"हनी, आजचा भाव काय?"

मी सांगितला. अकराच्या बराच खाली.

"चालेल. अख्खी कोठी."

"पण वेनकाका..."

"तो मिनेसोटात तळ्यावर मासे धरतोय. तिथं फोन लागत नाही." तिनं गॉगल डोक्यावर सरकवला. "म्हणून तर ते केबिन मी बुक केलं!"

मी धावत क्रेगकडे गेले. डोळ्यांपुढे नोकरी, व्हिसा, निखिल, इरा, सगळं एका रांगेत.

क्रेगनं खिडकीबाहेर पाहिलं. "शेत दोघांच्या नावावर आहे ना?"

"हो."

"मग शेतकरी आलाय. वजन घे."

शनिवारपर्यंत ट्रक येत राहिले. रविवारभर मी वेनकाका मला काय काय बोलतील याची मराठी आणि इंग्रजीत तयारी केली. सोमवारी बाजार उघडला तो कोसळतच. कॉफीभोवती सुतकी चेहरे. आज तर मेमध्ये विकल्याचंही कुणी बोलेना.

वेनकाका आले. टोपीला मासेमारीचा गळ तसाच अडकलेला. त्यांनी फलकावरचा भाव बघितला, कप भरला, फुंकर मारली.

"मी गेल्या आठवड्यातच मोकळा झालो."

सगळे हसले. मग एकजण हळूच म्हणाला, "नाही रे, खरं आहे. त्याचे ट्रक जाताना मी बघितले."

हसणं थांबलं. दुसऱ्यानं विचारलं, "आणि साडेअकराचं काय झालं?"

"आतून वाटलं," वेनकाका म्हणाले, "आता बास."

कुणीतरी चक्क टोपी काढली. उठता उठता प्रत्येकानं त्यांच्या पाठीवर थाप मारली.

शेवटचा माणूस बाहेर पडेपर्यंत काका खिडकीशी उभे राहिले. मग काउंटरवर आले, इकडे तिकडे पाहिलं आणि माझ्याकडे वाकले.

"माया," ते कुजबुजले, "मी कितीला विकलं?"